दुसऱ्या चहानंतरचा प्रश्न

चौकशीला आलेला माणूस पहिल्या चहाला काही बोलत नसे.

बाकड्याच्या टोकाला बसायचा. पिशवी मांडीवर. कपडे इस्त्रीचे, चपलांवर प्रवासाची धूळ. समोरच्या घरांकडे पाहत चहा संपवायचा आणि ग्लास खाली ठेवता ठेवता दुसरा सांगायचा. लखीराम आडे तेव्हा भट्टीकडे तोंड करून गालात हसायचा. हा मुलीचा बाप, नाहीतर मामा. दुसरा चहा अर्ध्यावर आला की अमक्यांचा मुलगा कसा आहे, असं विचारणार, हे ठरलेलं.

यवतमाळात कचेरीमागच्या गल्लीतली निदान तीस लग्नं लखीरामच्या उत्तरावर जमली. मुलगा चांगला असला की तो हातातलं काम थांबवायचा. मुलगा किती वाजता येतो, कोणाला पाहून बाकड्यावरून उठतो, दोस्त टिंगल करायला लागले की काय करतो, रस्त्यात बाप भेटला तर कसा बोलतो, सगळं तपशिलानं सांगायचा. मुलगा बरा नसला तर त्याची निंदा करायचा नाही. "पोरीले अजून शिकू द्या," एवढंच म्हणायचा आणि चहाचं फडकं झटकायचा. शहाणी माणसं तेवढ्यावर उठून परतीची एसटी धरत.

गल्लीतल्या मुलांना हे पक्कं ठाऊक होतं. लग्नाचं वय झालं की ती लखीरामच्या कॅन्टीनवर एकाएकी सभ्य होत. म्हाताऱ्यांना जागा करून देत. सिगारेट प्यायला पार पाण्याच्या टाकीपर्यंत जात. समोरच्या घरातले नीळकंठराव चिटणीस कोर्टातून नाझर म्हणून निवृत्त झाले होते. सकाळ-संध्याकाळ त्यांची बैठक इथेच. ते म्हणायचे, "लखीराम, तू चहा गाळतोस की नवरदेव?"

"दोनी बी, साहेब. चोथा मात्र कोनाले दाखवत नाही."

लखीराम राळेगाव तालुक्यातल्या एका बंजारा तांड्यातला. त्याच्या पणजोबांनी बैलांच्या पाठीवर मीठ वाहिलं होतं. त्यानं सतराव्या वर्षी शहरात येऊन चहाची किटली वाहिली. कोर्टाच्या आवारात एकाच्या हाताखाली सात वर्षं काढली. मग चार बल्ल्या, वर टिन, एका शाळेनं मोडीत काढलेलं लांब बाकडं, एवढ्यावर स्वतःचं कॅन्टीन थाटलं. बायको मोतीबाई घरून आलं कुटून द्यायची. ती आपल्या हातानं कुटलेलंच आलं लागतं म्हणायची, आणि तो ते मान्य करायचा.

शिक्षण चौथीपर्यंत. पण किटली घेऊन खोल्याखोल्यांतून फिरताना तो एक गोष्ट शिकला होता. माणूस रिकामा ग्लास कसा परत करतो, ते पाहायचं. कोणी हातात आणून देतो. कोणी बाकड्याखाली सरकवतो, तिथे कोणाचा तरी पाय लागणार हे माहीत असून. कोणी बोलता बोलता उरलेला चहा रस्त्यावर फेकतो, कोण चाललं आहे हे न पाहता. वर्षभर एखाद्याचा ग्लास पाहिला की लखीरामला तो माणूस कळलेला असे. निदान त्याची तशी खात्री होती. गल्लीचीही होती.

मग गल्ली बदलत गेली. एकदम नाही. आधी छापखाना बंद झाला, तिथले सहा कामगार गेले. विद्यार्थ्यांच्या खोल्या पाडल्या. म्हातारे एकेक करून गेले. नीळकंठरावांच्या बायकोला, शोभाताईंना जाऊन वर्ष झालं तेव्हा मुलगा सलील पुण्याहून आला आणि घर बिल्डरला देऊन वडलांना घेऊन गेला. निघायच्या सकाळी नीळकंठराव बाकड्यावर बसले. चहा प्याले. "आता तिकडे माझी चौकशी कोण करणार रे?" म्हणाले आणि ग्लास त्याच्या हातात देऊन गाडीत बसले.

त्या जागेवर चार मजली इमारत उभी राहिली. तिच्यातली माणसं खालच्या खालीच गाडीत बसत आणि काच वर करून गल्लीतून निघून जात. कोपऱ्यावर काचेच्या दाराचं चहाचं दुकान आलं. आत थंड हवा, कागदी कप, पैसे मोबाईलवर. त्या नावाचं दुकान म्हणे प्रत्येक गावात आहे आणि चहाही सगळीकडे सारखाच. लखीराम एकदा आत जाऊन पिऊन आला. चहा वाईट नव्हता. पण प्यायलेला कप सगळे एकाच डब्यात टाकत होते. त्यात माणसाचं काय कळणार?

त्याच्याकडे आता दिवसाला चाळीस-पन्नास चहा होत. हमाल, ऑटोवाले, कोर्टाच्या तारखेला आलेली खेड्यातली माणसं. ती पीत आणि निघून जात. दुसरा चहा सांगणारा माणूस चार वर्षांत आला नव्हता.

तो आला एका मार्चमध्ये. निळा सदरा, टोपी, मांडीवर पिशवी.

पहिला चहा त्यानं न बोलता संपवला. लखीरामनं पाठ फिरवली, पण त्याचे कान मागेच होते. ग्लास खाली टेकला. "अजून एक द्या भाऊ."

लखीरामनं नवीन दूध चढवलं. आलं मुठीनं टाकलं. इतका कडक चहा त्यानं बऱ्याच दिवसांत केला नव्हता.

माणसाचं नाव खेमसिंग. झरी जामणीकडच्या तांड्यावरून पहाटेच्या गाडीनं निघालेला, पांढरकवड्याला गाडी बदलून आलेला. त्याच्या मराठीच्या हेलावरून लखीरामनं ओळखलं आणि सरळ गोर बोलीत विचारलं, कोणाकडं आला? खेमसिंगचा चेहरा उजळला. परक्या शहरात आपल्या बोलीचा माणूस भेटला म्हटल्यावर तो मोकळा झाला. मुलगी उर्वशी, नर्सिंग शिकलेली, पांढरकवड्याला नोकरी करते. स्थळ या समोरच्या इमारतीतलं. तिसरा मजला. मुलाचं नाव शाम, कुठल्याशा खासगी कंपनीत आहे. घरी आईबाप. गोत-पाडा सगळं जुळतं. फक्त मुलगा कसा आहे, ते आपल्या माणसाकडून कळावं.

लखीरामनं शामला दोनदा पाहिलं होतं. एकदा गाडी मागे घेताना त्यानं हात दाखवून एका म्हातारीला आधी जाऊ दिलं होतं. एकदा काच खाली करून "काका, ते इलेक्ट्रिकवाले कुठं बसतात?" असं विचारलं होतं. पांढरा शर्ट होता. बस. त्यानं या बाकड्यावर कधी बूड टेकलं नव्हतं. त्याच्या हातात लखीरामचा ग्लास कधी गेला नव्हता.

मला माहीत नाही, एवढं म्हणायचं होतं. खेमसिंग त्याच्याकडे पाहत होता. चार वर्षांनी कोणीतरी त्याच्याकडे असं पाहत होतं.

"छोरा आछो छ," लखीराम म्हणाला.

आणि मग त्याला थांबता आलं नाही. म्हाताऱ्या माणसांना मानतो. बोलणं नरम. काका म्हटल्याशिवाय हाक मारत नाही. कपड्यालत्त्यानं टापटीप. दोन वेळा पाहिलेल्या माणसाचा त्यानं अख्खा नवरदेव उभा केला. खेमसिंग मान हलवत ऐकत राहिला. उठताना त्यानं लखीरामचे दोन्ही हात धरले.

घरी मोतीबाईला त्यानं आनंदानं सांगितलं, आज चौकशी आली होती. ती भाकर थापत होती. कोणाची, म्हणाली. त्यानं नाव सांगितलं.

"तो कधी आला जी तुमच्याकडं चाय प्याले?"

लखीरामनं ताट पुढे ओढलं. ठेच्यात तेल घालायला सांगितलं. तिनं घातलं.

लग्नाला दोघं गेली. मांडवात खेमसिंगनं लखीरामला पुढच्या रांगेत बसवलं, शेला-टोपी दिली, आलेल्या माणसांना सांगितलं की सोयरीक यांच्या शब्दावर झाली. शाम पाया पडला. लखीरामनं त्याचा चेहरा जवळून पाहिला. हसरा होता, गोरटेला होता, त्यात काहीच वावगं दिसलं नाही. परतीच्या एसटीत तो मोतीबाईला म्हणाला, पाहा, चांगलाच आहे पोरगा. ती खिडकीबाहेर पाहत राहिली.

उर्वशी वर्षभर समोरच्या तिसऱ्या मजल्यावर राहिली. लखीरामला ती कधीच दिसली नाही. गाडीची काच मात्र रोज दिसायची.

पुढच्या उन्हाळ्यात खेमसिंग आला, तेव्हा ती सोबत होती. दोघं केस दाखल करून कोर्टातून येत होती. कॅन्टीनवर बाई माणूस कधी बसत नसे, ती बसली. डावी बाजू भिंतीकडे करून बसली. खेमसिंगनं एकाच आवाजात सगळं सांगितलं, जणू दुसऱ्या कोणाचं सांगतो आहे. पोरगा आधीपासूनच पितो. पिऊन मारतो. दिवाळीत मारलं त्यात पोरीच्या डाव्या कानाचा पडदा गेला. त्या कानानं तिला आता काही ऐकू येत नाही. नोकरी तर लग्नानंतरच सोडायला लावली होती.

लखीरामच्या हातात सांडशी होती. ती त्यानं खाली ठेवली नाही.

"तुले बी फसवलं त्यानं," खेमसिंग म्हणाला.

लखीरामनं सांडशीनं पातेलं उतरवलं आणि चहा गाळायला घेतला.

त्यानंतर दर महिना-दीड महिन्यानं तारीख लागायची. तारखेच्या दिवशी खेमसिंग आणि उर्वशी आधी लखीरामकडे येत, चहा घेत, मग कोर्टात जात. खेमसिंगनं कधी बोल लावला नाही. उलट एकदा तांड्यावरच्या तुरीची डाळ आणून दिली. ती पिशवी लखीरामनं घरी नेली नाही. दुकानातच एका खिळ्याला टांगून ठेवली. मोतीबाई म्हणत होती, दुकान बंद करा आता, गुडघे पाहा तुमचे. तो म्हणायचा, तारखा संपू दे.

चौथ्या तारखेला खेमसिंगनं विचारलं. वकील म्हणतात, समोरचे लोक सगळंच नाकारत आहेत. पोरगा दारूला शिवत नाही म्हणतात. पोरगी पाय घसरून पडली म्हणतात. शेजारचं कोणी बोलायला तयार नाही. या गल्लीतलाच, त्याला ओळखणारा, रोज पाहणारा एखादा माणूस साक्षीला पाहिजे.

"तू त्याले ओळखतं. तू सांग कोर्टात."

लखीराम म्हणाला, पाहतो.

तो खरंच पाहायला गेला. समोरच्या इमारतीत धुणीभांडी करणारी बेबीताई रोज सकाळी नऊला कॅन्टीनवरून जायची. सात वर्षं जात होती. "रामराम लखीरामभाऊ" म्हणायची आणि पुढे व्हायची. त्या दिवशी त्यानं तिला थांबवलं. बाकड्यावर बस म्हणाला. ती उभीच राहिली. इथं कशी बसू, म्हणाली.

मग त्यानं विचारलं. उभ्या उभ्या, मुलीचा बाप विचारतो तसं, इकडचं तिकडचं आधी बोलून. तिसऱ्या मजल्यावरचा शाम. त्याला ती ओळखते का?

बेबीताईनं समोरच्या इमारतीकडे एकदा पाहिलं.

"लग्नाच्या दोन वर्षं आधीपासून त्या घरी काम करून राह्यली मी. बाटल्या मीच फेकून येत होती. आईवर बी हात उचलत होता तो. लग्नात टोपी घातली ना तुमी? मी म्हनलं, लखीरामभाऊले माहीत नसन काय?"

"मंग सांगितलं काहून नाही?"

"कोनी इचारलं? तुमाले इचाराले लोक गाडी करून येत. मी तं रोज तुमच्या दारावरून जातो."

खेमसिंग चौकशीला येऊन दुसरा चहा पीत होता तेव्हा सकाळचे साडेनऊ वाजले होते. बेबीताई दहा पावलांवरच्या जिन्यात फरशी पुसत असणार. लखीरामला हे आता आठवलं. त्यानं ते कोणाला सांगितलं नाही, पण त्या दिवशी दूध तीनदा उतू गेलं.

तू साक्ष देशील का, असं त्यानं तिला विचारलं. ती नाही म्हणाली. इमारतीत चार घरचं काम आहे, चारही जातील. नवरा बिछान्यावर आहे.

पण तपशील आता त्याच्याकडे होता. बाटल्या कुठल्या, किती, कोणत्या वारी. दिवाळीच्या दुसऱ्या दिवशी बाथरूमच्या फरशीवर काय दिसलं. हे सगळं तो स्वतः पाहिल्यासारखं सांगू शकत होता. त्याला सांगता यायचंच. त्याच्या शब्दावर तीस लग्नं झाली होती. आणि या वेळी तर जे सांगायचं ते खरं होतं. पुढचा महिनाभर तो मनात साक्ष जुळवत राहिला. मी रोज पाहत होतो साहेब. मी स्वतः पाहिलं साहेब. ग्लास धुता धुता ओठ हलत. मोतीबाईनं एकदा पाहिलं आणि विचारलं, कोणाशी बोलता?

"कोनाशीच नाही," तो म्हणाला. मग तिच्याकडे वळून, "मी त्याले ओळखत नव्हतो, मोती."

"मले माहीत हाय," ती म्हणाली.

पाचव्या तारखेला ऊन होतं. खेमसिंग आणि उर्वशी दहाला आली. लखीरामनं चहा दिला. स्वतःसाठी ओतला नाही. खेमसिंग म्हणाला, वकिलानं तुझं नाव लिहून घेतलं आहे, आज येशील ना?

लखीराम बाकड्याच्या दुसऱ्या टोकाला बसला. गिऱ्हाइकाच्या जागेवर तो तीस-पस्तीस वर्षांत बसला नव्हता.

"खेमसिंग, मी त्याले ओळखत नव्हतो."

खेमसिंगला वाटलं, तो आपल्यासारखंच म्हणतो आहे, की आतून ओळखलं नव्हतं. तो मान हलवून म्हणाला, आपण सगळेच फसलो.

"तसं नाही. तो माह्याकडं कधी आलाच नाही. एक चाय पेली नाही त्यानं. दोन डाव गाडीत पाह्यलं होतं, बस."

खेमसिंगच्या हातातला ग्लास तसाच राहिला.

"मंग आछो छ काहून म्हनलं?"

लखीरामनं हातातलं फडकं मांडीवर ठेवलं.

"तू इचारलं म्हनून," तो म्हणाला. "चार वर्षांत कोनी इचारलं नव्हतं."

रस्त्यावरून एक ऑटो गेला. खेमसिंगनं ग्लास बाकड्यावर ठेवला. त्यात चहा होता. तो उठला, चार पावलं गेला आणि गल्लीच्या मधोमध पाठ करून उभा राहिला. जायचं की नाही, हे त्याला ठरवता येत नसावं.

उर्वशी वडलांकडे पाहत होती. तिचा डावा कान लखीरामकडे होता. तो हळू बोलला होता, तिला नीट ऐकू आलं नव्हतं. काय झालं, असं तिनं वडलांना विचारलं. ते वळले नाहीत.

तिला न सांगताही चाललं असतं. लखीराम गुडघ्यावर हात देऊन उठला. बाकड्याला वळसा घालून तिच्या उजव्या बाजूला आला. तिथे बसायला जागा नव्हती. तो वाकला आणि सगळं पुन्हा पहिल्यापासून बोलला. दोनदा पाहिलं ते. वडलांना सांगितलं ते. काहून सांगितलं ते. बेबीताईनं काय काय पाहिलं तेही सांगितलं.

तिनं ओढणी डोक्यावरून घेतली आणि त्याच्याकडे न पाहता विचारलं, "बेबीताई आता कुठं असतीन?"

दुसऱ्या मजल्यावर, बारापर्यंत, तो म्हणाला.

उर्वशी रस्ता ओलांडून इमारतीत शिरली. ती वर्षभर जिथे राहिली त्या जिन्यात. वॉचमननं तिला अडवलं नाही. खेमसिंग तिथेच उन्हात उभा होता. लखीरामनं बाकड्यावरचा त्याचा भरलेला ग्लास उचलला.

पुढच्या तारखेला दोघं आली नाहीत. म्हणजे कॅन्टीनवर आली नाहीत. लखीरामनं बारापर्यंत वाट पाहिली, मग गॅस बंद करून कोर्टाच्या आवारात गेला. कडुनिंबाखाली पक्षकारांची गर्दी होती. त्यात त्याला उर्वशी दिसली. तिच्या उजव्या हाताला बेबीताई बसली होती. धुतलेलं लुगडं, हातात रुमालाची घडी. दोघी कागदी कपातून चहा पीत होत्या आणि बेबीताई तिला हळूहळू काहीतरी सांगत होती. तिची इमारतीतली दोन घरं सुटली, हे लखीरामला नंतर कळलं.

खेमसिंगनं त्याला पाहिलं. मग तो सरकून अशा जागी बसला की त्या दोघी त्याच्या आड आल्या.

पुकारा झाला. ते तिघं आत गेले. लखीराम बाहेर उभा राहिला. आत त्याचं काही काम नव्हतं. वकिलानं त्याचं नाव खोडलं होतं. तासाभरानं तो परत निघाला. कॅन्टीनपाशी आला, खिळ्याला टांगलेली तुरीच्या डाळीची पिशवी काढली. तिला कीड लागली होती. ती त्यानं कचऱ्यात टाकली नाही. घरी नेली. मोतीबाईनं सूप घेतलं, अंगणात बसली आणि संध्याकाळपर्यंत ती डाळ निवडत राहिली. तो तिच्यासमोर बसून होता. दुसऱ्या दिवशी कोणी दुकान उघडायला गेलं नाही.